येल्केन समोरून येताना

३ सप्टेंबर १९५७

काटा आला आज. ट्रकमधून, ताडपत्रीत गुंडाळलेला. पागेच्या दारासमोर खड्डा खणून बसवला. खाली लोखंडी फळी, बाजूला खांब, खांबावर आकड्यांची पट्टी. असला काटा मी गुरांच्या बाजारात पाहिलाय. पागेत कधीच नाही.

आमचा दुसरा स्वार दुर्दी, त्याला राहवतंय थोडंच! "साहेब, कापूस तोलणार का यावर?"

नवे साहेब ल्याखोव हसले नाहीत. "घोडे," म्हणाले आणि कचेरीत गेले.

घोडे तोलायचे? कशाला? शर्यतीचा घोडा किलोवर मोजतात हे मी या वयात पहिल्यांदा ऐकतोय. गार्ली-आगांनी काहीच विचारलं नाही. काट्याभोवती एक चक्कर मारली, फळी पायाने दाबून पाहिली आणि माझ्या घोडीच्या, येल्केनच्या ठाणात जाऊन बसले. सत्तरी उलटलीय त्यांची. या पागेतला एकेक घोडा त्यांच्या हातावर वाढला. मीसुद्धा. ते बडबडत असले की सगळं ठीक असतं. गप्प बसले की मला धडकी भरते.

सकाळची रपेट मात्र — काय सांगू! येल्केन म्हणजे शीड. नाव आगांनीच ठेवलं, ती शिंगरू असताना. समुद्र त्यांनी जन्मात एकदाच पाहिलाय, तेवढ्यावर! पण नाव चुकलं नाही. आधी दुडकी, अंग सैल. मग मी नुसता श्वास सोडला — टाच नाही, चाबूक नाही — आणि ती भरली. चारही पाय एकदम हवेत असतात ना, तो क्षण. इतर घोड्यांचा तो येतो आणि जातो. हिचा लांबतो. त्यात खाली जमीन नसते, टापांचा आवाज नसतो, काहीच नसतं. मग पुन्हा टापा, आणि दर झेपेला एक श्वास, नेमका एक. खांद्याची हाडं माझ्या गुडघ्यांखाली पात्यांसारखी सरकतात. कातडी इतकी पातळ की मानेवरच्या शिरा जाळ्यासारख्या वर येतात. डोंगरावरून तिरपं ऊन आलं की अंगावर सोन्याचा वर्ख चढवल्यासारखी दिसते.

उतरलो तर समोर तो काटा.

५ सप्टेंबर

उंट तोलणार नाहीत. गाढवं तोलणार नाहीत. फक्त घोडे तोलणार.

९ सप्टेंबर

तोलले. अख्खी सकाळ त्यात गेली.

एकही घोडा सरळ फळीवर चढेना. पायाखाली पोकळ आवाज आला की बिथरायचे. दुर्दीचा दुमान — तो करडा, धुक्याच्या रंगाचा नर — दोन पायांवरच उभा राहिला, खांबाला लाथ घातली. येल्केन चढली. थरथरत चढली आणि माझ्याकडे बघत राहिली. ही कसली नवी खोड, असं विचारत होती जणू. कारकून पट्टीवर वाकला, तेवढ्यात गार्ली-आगांनी डोक्यावरची केसाळ टोपी काढली आणि त्या पट्टीवरच टांगली!

"आगा, टोपी काढा ती."

"काढतो की. पण साहेब, बाईमाणसाचं वजन असं चारचौघांत विचारतात का?"

सगळे हसले. ल्याखोवसाहेबसुद्धा हसले, मी पाहिलं. मग टोपी निघाली, आकडा वाचला गेला, कारकुनाने तोंड वाकडं केलं. "हाडंच सगळी. भरणार काय याच्यात!"

भरणार? कशात भरणार?

दुपारी हुकूम लागला. घोडे पळवायचे नाहीत. ठाणावर बांधून ठेवायचे, खुराक वाढवायचा. मी दोनदा वाचला. शर्यतीच्या घोड्यांना पळवायचं नाही!

१० सप्टेंबर

पहाटे आगा येल्केनच्या पाठीवरचा नमदा, लोकरीची झूल, काढून तयार. "चल, चढ."

"आगा, हुकूम आहे."

"तिला वाचता येत नाही."

पळवली.

१५ सप्टेंबर, रविवार

माझी बायको बीबी दुकानातून आली ती रिकाम्या हाताने. पाठीवरची झोळी जमिनीवर आपटली. म्हणे दुकानात सॉसेज आलंय, हवं तेवढं घ्या, रांग नाही, काही नाही. दुकानदारीण हसत हसत म्हणाली, "ने गं, स्वस्त आहे." पण आमच्याकडच्या एकाही बाईने हात लावला नाही. नुसत्या बघत उभ्या राहिल्या आणि घरी आल्या.

"कसलं होतं?" मी विचारलं.

"तुम्हीच सांगा कसलं होतं," बीबी म्हणाली. तंदुराकडे तोंड करून रोट्या लावत राहिली. हात भाजला तरी थांबली नाही.

दुर्दी हिचा धाकटा भाऊ, शेजारीच राहतो. तो स्टेशनवर जाऊन आला. पूर्वेकडच्या पागेतले सगळे घोडे गेल्या आठवड्यात वॅगनींतून गेले. डोंगरात चरायला पाठवले असं सांगतात.

डोंगर तर अंगणातून दिसतात! घोडा चालत गेला तरी दुपारपर्यंत पोचेल. वॅगनी कशाला लागतात?

१८ सप्टेंबर

आज सगळं सांगून टाकलं त्यांनी. कचेरीत आम्ही तिघंच — आगा, दुर्दी, मी. ल्याखोवसाहेब टेबलामागे उभे, बसले नाहीत. दाढी वाढलेली. हा माणूस मुळात गाईगुरांतला. कुठल्याशा थंड मुलखात दुधाच्या गाई सांभाळायचा.

"वरून आलंय. आता ट्रॅक्टर आलेत. घोडा म्हणजे नुसता खर्च. मांसाचा आकडा पुरा करून द्यायचाय."

आगा म्हणाले, "आम्ही घोडा खात नाही, साहेब. आमच्या बापजाद्यांनी दुष्काळातसुद्धा खाल्ला नाही."

"तुम्हांला खा म्हणतंय कोण?" आवाज चढला आणि लगेच उतरला. डोळे चोळत म्हणाले, "एक ठेवता येईल. खेळासाठी म्हणून. महिनाअखेर शहरात शर्यत आहे. आपल्या पागेतला जो सगळ्यांत पुढे येईल, तो राहील. याच्यापेक्षा जास्त माझ्या हातात नाही."

"आणि बाकीचे?"

साहेबांनी खिडकीकडे पाहिलं. खिडकीतून काटा दिसतो.

बाहेर आल्यावर दुर्दी काहीतरी चावटपणा करील म्हणून मी वाट बघत होतो. केला नाही.

पुढे येणारा घोडा म्हणजे येल्केन किंवा दुमान. तिसरा कोणी नाहीच. म्हणजे तिला वाचवायची तर त्याला मागे टाकायचं. दुर्दीलाही हेच कळलं असणार, त्याच वेळी. आम्ही एकमेकांकडे पाहिलं नाही.

२१ सप्टेंबर

तीन दिवस दुर्दीशी बोलणं नाही. तो उजाडताना पळवतो, मी त्याच्यानंतर. बीबी मधल्या मधे. त्याला चहा देते, मला देते, दोघांच्या पेल्यांकडे बघत बसते.

आज तो आपणहून आला. दारातच उभा.

"दाजी, तुमची घोडी लंगडतेय म्हणे?"

"तोंड सांभाळ! कोण म्हणतं?"

"कोणी नाही. लंगडली तर बरं होईल, असं सकाळी माझ्या मनात आलं. ते सांगायला आलो." चेहरा पांढराफटक. "तिच्या पायात खिळा सापडला तर माझी मान मोडा. पण मी असलं काही करणार नाही, दाजी. फक्त मनात आलं. किळस आली मला माझी."

मी त्याला आत ओढून बसवलं. माझ्याही मनात आलं होतं. मी सांगितलं नाही.

२९ सप्टेंबर, रविवार

जिंकलो.

लिहायला बसलो तर हात अजून लगाम धरल्यासारखा वाकडाच राहतोय.

शहरातलं मैदान भरलेलं. टोप्याच टोप्या. कलिंगडाच्या सालींनी जमीन लाल झालेली. सुटलो तेव्हा येल्केन चौथी-पाचवी. मी घाई केली नाही. वळणावर एकेक घोडा मागे सरकला आणि मग राहिला एकच, दुमान. बाजूला येऊन पाहिलं त्याच्याकडे. पाहायला नको होतं! इतका देखणा पळत होता. मान लांबवलेली, कान मागे चिकटलेले, नाकपुड्या आतून लाल. मागचे पाय पोटाखाली इतके पुढे यायचे की पुढच्या पायांना ओलांडून जायचे. पाठ धनुष्यासारखी वाकायची, सुटायची, वाकायची, सुटायची. वाया जाणारी एक हालचाल नव्हती त्याच्यात. आणि दोघांची झेप एक झाली, टापा एक झाल्या. किती वेळ ते कळलं नाही. दोन घोड्यांचा एक आवाज. वाटलं, असंच राहावं. शेवटची रेघ येऊच नये.

रेघ आली. मी श्वास सोडला. येल्केन गेली.

अर्ध्या अंगाने. लोक ओरडत होते, माझ्या अंगावर नवा झगा टाकला कोणीतरी. दुर्दी दुमानवरून उतरला, त्याचा घाम पुसला, पाणी पाजलं. सगळं रोजच्यासारखं. मग माझ्याकडे आला.

"छान पळवलीत, दाजी."

टोमणा नव्हता. खरंच म्हणाला. टोमणा मारला असता तर बरं झालं असतं.

३० सप्टेंबर

ल्याखोवसाहेब शब्दाला जागले. येल्केन राहणार. वॅगनी येत्या आठवड्यात.

दुमान शिंगरू होता तेव्हा — नाही, नको. त्याच्याबद्दल आज लिहवत नाही.

३ ऑक्टोबर

आगा घरी आले, दुर्दीला घेऊन. चहा घेतला, रोटी मोडली, बीबीसमोरच बोलले. वाळूत सोडायचे सगळे. रूळ ओलांडले की पुढे वाळवंटच. आत मेंढपाळांच्या विहिरी आहेत, झुडपं आहेत, ते लोक आपलेच आहेत. हिवाळा काढतील. वर हुकूम बदलेपर्यंत राहतील.

"जातील का पण? ठाणावर वाढलेली जनावरं ती."

"अशी नाही जाणार. येल्केन पुढे असेल तर जातील. माद्या तिच्या मागे जातात."

"आणि नर?" मी.

"माद्या गेल्यावर नर मागे राहतात होय!" दुर्दी म्हणाला. पंधरा दिवसांत पहिल्यांदा हसला असेल.

मी नाही म्हणालो.

हो, नाही म्हणालो! ती वाचलीय. तिचं सगळं ठरलंय. तिला घेऊन वाळूत जायचं, पकडलो गेलो तर तीही जाईल, मीही जाईन. कशासाठी? आगांनी पेला उपडा ठेवला आणि गेले. दुर्दीही त्यांच्या मागे.

बीबीने अंथरूण वेगळं टाकलंय.

५ ऑक्टोबर

रेडिओवर दिवसभर एकच — आकाशात गोळा सोडलाय, पृथ्वीभोवती फिरतोय. त्याचा आवाजही ऐकवतात, टिक टिक टिक. कचेरीपुढे सगळे मान वर करून उभे. कारकून तर रडत होता आनंदाने.

"बघा दाजी," दुर्दी म्हणाला, "लोखंड आभाळात पळायला लागलं. आता जमिनीवर पळणारे कशाला हवेत."

बीबीने दुपारी माझ्यापुढे ताट ठेवलं आणि एवढंच बोलली, "जिंकलात ना? मग तिला घेऊन बसा आता. एकट्या पागेत एकटी घोडी. तिला विचारा बरं वाटतंय का."

मी आगांकडे गेलो. उद्या, उजाडायच्या आधी. रविवार आहे, कारकून पिऊन झोपेल.

६ ऑक्टोबर, रविवार

गेले. सगळे गेले.

आगांनी दावी सोडली, दार उघडलं. ते मागेच राहिले — "पाय दुखतात," म्हणाले. मी येल्केनवर पुढे, दुर्दी दुमानवर सगळ्यांच्या मागे. रुळांपर्यंत चालवत नेलं. खडीवर खूर वाजत होते. रूळ ओलांडले. पुढे सपाट कोरडी जमीन आणि आभाळ राखाडी होत होतं. तिथे मी तिला मोकळी सोडली.

आणि मागून तो आवाज आला. वीस-बावीस घोडे! इतकी वर्षं शर्यती मारल्या, असं कधी पळालो नाही. शर्यतीत प्रत्येक घोडा आपल्या रेषेत असतो. इथे रेषा नव्हती. उजवीकडे पाहावं तर काळी घोडी, तिच्या अंगाला लागून तिची पहिली शिंगी, तीही त्याच मापाची झेप टाकतेय. डावीकडे तांबडे दोघे भाऊ, माना एकमेकींना घासत. कोणाच्या पाठीवर कोणी नाही, तोंडात लोखंड नाही. आठवडे बांधून ठेवलेली अंगं मोकळी झालेली. एकाने मान झटकली की ती झटक सगळ्यांतून जायची. वळलो तर सगळे वळायचे. पाखरांचा थवा वळतो तसे. ऊन उगवलं आणि सगळ्यांच्या पाठी एकदम पेटल्या. मी ओरडत होतो. काय ओरडत होतो आठवत नाही.

विहिरीशी थांबलो. घोडे हुंगत होते, लोळत होते वाळूत. मी येल्केनला घराकडे वळवलं, आणि सगळ्यांच्या माना वर झाल्या. सगळे माझ्या मागे निघाले.

तेव्हा कळलं. आगांना हे आधीच माहीत होतं. मी तिला परत नेली तर सगळे परत येणार.

दुर्दीने दुमानचा लगाम उतरवला होता. तो माझ्याकडे बघेना. मी उतरलो. खोगीर काढलं, लगाम काढला. म्हटलं, जा. ती उभीच. ढकललं, तर तिने डोकं माझ्या छातीला लावलं. तिला वाटलं खेळतोय. मग मी चाबूक उचलला. आजवर तिला लावला नव्हता, एकदाही. तोंडावर मारला. डोळ्याच्या खाली. तिने माझ्याकडे असं पाहिलं की —

दुसऱ्यांदा मारला तेव्हा गेली.

खोगिरं खांद्यावर टाकून चालत आलो. दुर्दी वाटभर रडत होता, मोठ्याने, लहान पोरासारखा. पागेशी पोचलो तर दारात आगा बसलेले. ठेवणीतला लाल झगा अंगावर, टोपी झटकून घातलेली. कोणीतरी न्यायला येणार म्हणून तयार होऊन बसलेले.

"तुम्ही घरी झोपला होतात," म्हणाले. "दोघंही. बीबीला सांगून ठेवलंय."

७ ऑक्टोबर

नेलं आगांना. शहरातून गाडी आली. त्यांनी आधीच सांगून टाकलं होतं — मीच सोडले, एकट्याने. त्या माणसांनी माझ्याकडे पाहिलं, दुर्दीकडे पाहिलं. ल्याखोवसाहेब मधेच बोलले, "म्हाताऱ्याचंच काम आहे. मी रविवारी सकाळी या दोघांना घरी पाहिलं."

पाहिलं? कधी? कोणी पाहिलं नव्हतं आम्हांला. का बोलला हा माणूस असं?

काही डाव असेल. विश्वास नाही ठेवायचा.

१० ऑक्टोबर

काही कळत नाही आगांचं. कारकून काटा पुसतो रोज.

१३ ऑक्टोबर, रविवार

दुर्दी मेंढरं शोधायच्या निमित्ताने वाळूत जाऊन आला. लांबूनच पाहिले. विहिरीजवळ आहेत सगळे. एक तांबडा लंगडतोय, बाकी ठीक. "येल्केन टेकाडावर उभी असते, दाजी. राखण करते. घराकडे तोंड करून."

एवढं शेवटचं सांगायला नको होतं त्याने.

१७ ऑक्टोबर

शहरातला माणूस आला होता. ठेंगणा, बोलायला अगदी मऊ. माझ्याच अंगणात बसून माझाच चहा प्यायला.

"घोडी तुमच्या हाकेला येते म्हणतात."

"आता नाही येत."

"म्हातारा खोकतोय फार. तिथे गारठा असतो. घोडे आले की तोही येईल. साधा हिशेब."

तो गेल्यावर दुर्दी तडकला. "हाक मारू या! आगांपेक्षा जास्त आहेत का ते?"

"तूच सोडलेस ना त्यांना?"

"सोडले! आता म्हणतो आणू या. त्यांनी मला चालायला शिकवलं, दाजी!"

दुपारी मी रुळांपलीकडे गेलो. एकटाच. दोन बोटं तोंडात घातली. शिट्टी येईना. ओठ कोरडे पडले होते, एवढंच नाही. आली असती तर वाजवली असती का, ते मलाच कळत नाही. वाळूकडे बघत बसलो आणि परत आलो. बीबी दारात होती.

१९ ऑक्टोबर

आज जे पाहिलं ते लिहिलं पाहिजे.

सकाळी दोन गाड्या आल्या. एकीत आगा. लाल झगा मळलेला, गालफडं बसलेली. आम्हां सगळ्यांना बसवलं, ल्याखोवसाहेबांनाही. रूळ ओलांडून वाळूच्या काठाशी थांबलो. तो ठेंगणा आगांना म्हणाला, "मारा हाक."

आगांनी तोंडावर हात ठेवला. दोन्ही हात, एकावर एक. आणि डोळे मिटून उभे राहिले.

"आगा, हाक मारा."

नाही. ऊन चढलं. कोणीतरी त्यांना खांद्याला धरून हलवलं. नाही. मी देवाला म्हणत होतो, असेच उभे राहा. आणि त्याच वेळी म्हणत होतो, मारा आगा, एकदा मारा आणि घरी चला.

वारा आमच्या पाठीकडून होता. तो कोणी लक्षात घेतला नाही. मीही नाही.

टेकाडावर एक ठिपका आला. थांबला. मान वर केली, वारा हुंगला.

मी येल्केनला सात वर्षं पळवली. तिच्या पाठीवरून तिचे कान पाहिले, मान पाहिली. समोरून येताना कधीच पाहिली नव्हती! समोरून येणारा घोडा आधी हलतच नाही. नुसता मोठा होत जातो. आवाज नाही. मग छाती दिसते. छातीचे दोन स्नायू, एक भरतो, एक सुटतो. पाय दिसत नाहीत, पायांच्या जागी नुसती वाळू उडत असते. आणि डोकं! इतकं वादळ चाललंय खाली आणि डोकं जराही हलत नाही. भरलेला पेला ठेवला तर सांडणार नाही. कान पुढे. डोळे एकाच माणसावर. ती आमच्यातल्या कोणालाच बघत नव्हती, मला तर नाहीच. तिच्यामागे टेकाडावरून सगळे उतरले, काळी, तांबडे, दुमान, शिंगरं. सगळे पसरले, पुन्हा जुळले, उन्हात कोणाचा रंग कोणता कळेना. जमीन पायाखाली हलायला लागली. गाडीबरोबर आलेल्या शिपायाने टोपी काढून हातात घेतली होती. का काढली त्याचं त्यालाही माहीत नसेल. मला वाटलं, हे असं पळताना ज्याने पाहिलं तो यांना मारूच शकणार नाही. आणि लगेच वाटलं, हे असं पळताहेत ते मरायला येताहेत.

ती थांबली. धापा टाकत पुढे आली. आगांच्या मानेला नाक लावलं. डोळ्याखाली माझ्या चाबकाचा वळ.

आगांनी तोंडावरचे हात काढले.

"वेडे," म्हणाले, "कशाला गं आलीस?"

ल्याखोवसाहेब गाडीच्या पायरीवर खाली बसले होते. डोकं हातांत धरून.

ठेंगणा म्हणाला, "मोजा."

२० ऑक्टोबर

आगांना सोडलं. आमच्याकडेच आहेत. भिंतीकडे तोंड करून पडलेत. जेवले नाहीत. दुर्दी पाय दाबतोय त्यांचे.

आता एकही राहणार नाही म्हणे. येल्केनसुद्धा नाही. शिक्षा म्हणून.

२३ ऑक्टोबर

वॅगनी आल्या. उद्या चढवायचे. आम्हीच न्यायचे स्टेशनवर, अनोळखी हाताला घोडे बिथरतात म्हणून.

बीबीने प्रत्येकाला रोटीचा तुकडा दिला स्वतःच्या हाताने. येल्केनच्या वळाला मी लोणी लावलं. तिने लावू दिलं.

२४ ऑक्टोबर

वॅगनी उघड्या, आम्ही घोडे धरून उभे. सही ल्याखोवसाहेबांची लागते. त्यांनी कागद पाहिला आणि लेखणी खिशात घातली. "ही मांसाची जनावरं नाहीत. हवं तर तसं लिहून देतो." ठेंगणा त्यांच्या कानाशी काहीतरी बोलला. साहेब म्हणाले, "माहीत आहे मला." मग आमच्याकडे वळले. "घरी न्या यांना."

वॅगनी रिकाम्या गेल्या.

संध्याकाळी त्यांना नेलं. कोटही घालू दिला नाही. त्यांची बायको दारात उभी होती. बीबी तिच्याजवळ जाऊन बसलीय, अजून आली नाही. दोन महिने हा माणूस आमच्यात होता. एकदाही कोणी चहाला ये म्हटलं नाही त्याला. मीही नाही.

घोडे ठाणावर आहेत. सगळे.

सोमवारी नवे साहेब येताहेत.